साडेसात ते नऊ: मुलांच्या मोकळ्या वेळेत नेमकं काय पाहावं

प्रश्न थोडक्यात असा. मुलगा पंधरा वर्षांचा, नववीत. नागपूरच्या नंदनवन भागातली शिकवणी साडेसातला सुटते आणि तो घरी पोचतो नऊला. मधला वेळ चौकात, पानठेल्याजवळ, मित्रांबरोबर जातो. क्रिकेटचं कोचिंग त्याने मागच्या वर्षी सोडलं. धाकटी मुलगी तेरा वर्षांची, शाळेतून आली की खोलीत मोबाइल घेऊन बसते. आईवडील दोघेही नोकरीला. मुलाचं बाहेर थांबणं बंद करावं, की त्याला कराटे-गिटार असं काहीतरी लावून द्यावं? आणि मुलीचा फोन काढून घ्यावा का?

यातलं काहीही लगेच करू नका. आधी तो दीड तास कसा बांधलेला आहे ते पाहा. मूल क्रिकेट खेळतं की गप्पा मारतं, यापेक्षा तिथे सोबत कोण असतं, मोठं माणूस आसपास असतं का, हाताला काही काम असतं का आणि तो वेळ संपतो कसा, यावर बरंच काही ठरतं.

या विषयावरचा पायाभूत अभ्यास वेन ऑसगुड आणि सहकाऱ्यांनी १९९६ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध केला. तो १८ ते २६ वयाच्या तरुणांवरचा होता. पुढे किशोरवयीन मुलांच्या अभ्यासांतही साधारण तेच दिसलं. तीन गोष्टी एकत्र आल्या की दारू, नशा, धोकादायक गाडी चालवणं आणि किरकोळ गुन्हे वाढलेले दिसतात: समवयस्कांची सोबत, जबाबदार मोठ्या माणसाची गैरहजेरी आणि ठरलेल्या कामाचा अभाव. यात मुलं वाईट असावी लागत नाहीत. सोबत मित्र असले की धाडसाला लगेच दाद मिळते, थांबवणारं कोणी नसतं, आणि हात रिकामे असल्यामुळे समोर येईल ते सुरू होतं.

मित्रांच्या नुसत्या हजेरीचा परिणाम किती असतो, ते गार्डनर आणि स्टाइनबर्ग यांच्या २००५ च्या प्रयोगात दिसतं. संगणकावर गाडी चालवण्याचा खेळ, दिवा पिवळा झाल्यावर थांबायचं की आणखी पुढे जायचं हे खेळणाऱ्याने ठरवायचं. १३ ते १६ वयाची मुलं एकटी असताना बऱ्यापैकी सांभाळून खेळली. दोन मित्र शेजारी असताना त्यांनी कितीतरी जास्त धोका पत्करला. चोविशीच्या पुढच्या लोकांमध्ये हा फरक जवळपास दिसला नाही. म्हणून ‘तो एकटा असताना किती समजूतदार वागतो’ या अनुभवावरून चौकातल्या वागण्याचा अंदाज बांधू नका. दोन्ही खरं असू शकतं.

पालकांना सहसा माहीत नसलेली एक गोष्ट इथेच सांगतो. स्वीडनमध्ये मुलं रस्त्यावर राहू नयेत म्हणून गावोगावी युवा केंद्रं होती. वर छप्पर, आत कर्मचारी, टेबल टेनिस, गाणी. यायचं-जायचं आपल्या मर्जीने. माहोनी आणि स्टाटिन यांनी २००० मध्ये दाखवलं की अशा केंद्रांत वारंवार जाणाऱ्या मुलांमध्ये बेशिस्त वर्तन जास्त होतं, तर ठरलेली वेळ, प्रशिक्षक आणि शिकण्याचं उद्दिष्ट असलेल्या उपक्रमांत जाणाऱ्यांमध्ये कमी. अर्थात आधीपासून भटकणारी मुलंच अशा केंद्रांकडे जास्त वळतात, हेही त्यात आहे. सगळा दोष जागेचा नव्हे. पण पालकांसाठी धडा स्पष्ट आहे. नुसती जागा आणि फी पुरत नाही. ‘क्लब लावला’ म्हणजे काम झालं असं नाही.

आता याची दुसरी बाजू, आणि ती तितकीच महत्त्वाची. याच रिकाम्या गप्पांतून मैत्री घट्ट होते. पंधराव्या वर्षी मित्र नसणं हाच मोठा धोका आहे. एकटेपणा, उदासी आणि शाळेतला त्रास तिथून वाढतो. त्यामुळे मित्र तोडायचे नाहीत. समवयस्कांची सोबत, मोठ्या माणसाची गैरहजेरी आणि कामाचा अभाव या वरच्या तीन अटींपैकी एक मोडायची. एकीवर काम केलं तरी फरक पडतो, आणि कोणती मोडायची हे बहुतेक वेळा मुलाशी बोलून ठरवता येतं.

नागपुरात चौकातल्या या तासाचा सगळ्यात ठोस धोका म्हणजे खर्रा. मुलांच्या व्यसनाबद्दल बोलताना आपण गांजा, दारू, सिगारेट एवढंच धरतो आणि खर्रा सुटतो, कारण तो घरातल्या मोठ्यांच्या खिशातही असतो. सुपारी, तंबाखू आणि चुना पन्नीत घालून ठेल्यावर घोटून देतात. एक पुडी चौघांत वाटली जाते, आणि हे वाटणंच त्याचं बळ आहे: नाही म्हणणं म्हणजे पुडी नाकारणं न राहता मित्राला नाकारणं होतं. म्हणून ‘नाही म्हणायला शिक’ हा उपदेश तिथे टिकत नाही. मुलाला आधीपासून तोंडात बसलेलं एखादं वाक्य लागतं: ‘माझ्या तोंडात फोड येतात’, ‘कोच वास घेतात’, ‘घरी गेलो की आई जवळ बसवते’. कारण खोटं असलं तरी चालेल. त्याला मान राखून बाजूला होता आलं पाहिजे.

तंबाखू नसलेली नुसती सुपारीही निरुपद्रवी नाही. जागतिक आरोग्य संघटनेची कर्करोग संशोधन संस्था सुपारीलाच कर्करोगकारक मानते. सुपारीमुळे गालाचं आतलं अस्तर कडक होत जातं आणि तोंड उघडेनासं होतं. पहिली खूण घरीच दिसते. आधी तर्री पोहे आवडीने खाणारा मुलगा तिखटाने तोंड पोळतं म्हणतो, तर्री बाजूला सारतो. दुसरी तपासणी सोपी आहे: स्वतःची तीन बोटं उभी धरून तोंडात सहज जातात का, ते करून पाहायला सांगा. जात नसतील तर मेडिकलच्या (शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या) आवारातल्या शासकीय दंत महाविद्यालयात दाखवा. कडक झालेलं अस्तर पूर्ववत होणं अवघड असतं, पण खाणं थांबवलं तर पुढचं नुकसान रोखता येतं. देशातल्या शाळकरी मुलांच्या २०१९ च्या तंबाखू सर्वेक्षणात १३ ते १५ वयाची ८.५ टक्के मुलं तंबाखू वापरत होती, मुलीही त्यात होत्या. अठरा वर्षांखालच्यांना तंबाखू विकणं आणि शाळा-कॉलेजपासून शंभर यार्डांच्या आत विकणं कायद्याने बंद आहे. ठेला शाळेला लागून असेल तर चार पालकांनी मिळून शाळेमार्फत लेखी तक्रार करावी. एकट्याने ठेलेवाल्याशी भांडून मुलाची चौकात शोभा होते आणि तो घरी बोलणं बंद करतो.

आता प्रत्यक्ष काम. वहीचं एक पान घ्या, सात दिवसांच्या सात रांगा आखा आणि मुलाला सोबत घेऊन पुढचा आठवडा जसा घडेल तसा लिहा. रकाने असे: किती ते किती वाजता, कुठे, सोबत कोण, नजरेच्या किंवा हाकेच्या टप्प्यात मोठं माणूस कोण, हाताशी काम काय, खिशात पैसे आणि हाती गाडी होती का. आठवडाभर एकही टीका करायची नाही. पहिल्याच दिवशी ‘बघ, किती वेळ वाया घालवतोस’ म्हणालात तर दुसऱ्या दिवसापासून तक्त्यात खोटं येईल.

आठवडा संपला की तिन्ही अटी जुळतात ते तुकडे अधोरेखित करा. साधारण दोन-तीनच निघतात. शिकवणीनंतरचा वेळ तुम्हाला माहीतच आहे. पण अनेक घरांत त्याहून जड तुकडा वेगळाच असतो: दुपारी दोन ते सहा, आईवडील नोकरीवर आणि घर रिकामं. माझ्या मते मित्राचं रिकामं घर चौकापेक्षा जास्त जोखमीचं आहे. चौकात निदान ओळखीची माणसं, दुकानदार, वरच्या मजल्यावरच्या काकू असतात. बंद दाराआड ते काहीच नसतं. तिसरा तुकडा म्हणजे अचानक रद्द झालेली शिकवणी. घरी कळवलं जात नाही आणि दीड तासाचे तीन तास होतात. शिकवणीचा निरोप थेट तुमच्या फोनवर येईल एवढी सोय आजच करून घ्या.

साडेसात ते नऊच्या तुकड्याला तीन वाटा आहेत. पहिली, वेळ आखणे: ‘सव्वाआठपर्यंत मित्रांबरोबर, साडेआठला घरी’. वेळ त्याच्याकडूनच ठरवून घ्या, आणि उशीर होणार असेल तर फोन करायचा, रागावणार नाही, हे आधी सांगा. दुसरी, हाताला काम देणे: तीच मुलं आठवड्यातून दोनदा टर्फवर किंवा बॅडमिंटन हॉलमध्ये पैसे जमवून एक तास खेळतात. तिथे बुकिंग संपलं की वेळ आपोआप संपतो आणि कोणीतरी मोठं माणूस हजर असतं. तिसरी, मोठं माणूस आणणे: शनिवारी सगळ्यांना घरी बोलवा, मॅगी करा, तुम्ही शेजारच्या खोलीत राहा आणि आत डोकावू नका. रोज शिकवणीच्या दारात गाडी लावून उभं राहणं मात्र या वयात उलटतं. तो मित्रांना भेटणारच. फक्त त्यासाठी शिकवणी बुडवेल.

याच कामात जास्त ताकद येते ती चार घरं एकत्र आल्यावर. आइसलँडमध्ये १९९८ साली १५-१६ वर्षांच्या ४२ टक्के मुलांनी मागच्या महिन्यात दारूने झिंगल्याचं सांगितलं होतं. २०१६ मध्ये हे प्रमाण ५ टक्के होतं. त्याचं श्रेय लोक खेळाच्या मैदानांना देतात. मैदानं आणि उपक्रमांसाठी मिळणारी रक्कम होतीच, पण पालकांनी आपसात करार केले होते आणि संध्याकाळी गटाने फेऱ्याही मारल्या. तिथे रात्री मुलांनी बाहेर राहण्याच्या वेळेचा कायदा आहे, आपल्याकडे नाही; करार मात्र इथेही होऊ शकतो. मुलाच्या चार-पाच जवळच्या मित्रांच्या आईवडिलांना भेटा आणि फक्त तीन गोष्टी ठरवा: घरी परतायची एकच वेळ, रिकाम्या घरात जमायचं नाही, आणि गाडीची चावी द्यायची नाही. ‘सगळ्यांना परवानगी आहे, फक्त मलाच नाही’ हे वाक्य एका फोनने निकालात निघतं. यापेक्षा लांब यादी केली तर दुसऱ्या महिन्यात कोणीच पाळत नाही.

चावीबद्दल इतकंच: फुटाळा तलावावर ट्रिपल सीट गेलेल्या अल्पवयीन मुलाचा अपघात झाला तर मोटार वाहन कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीनुसार पालकाला किंवा गाडीमालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि २५ हजार रुपये दंड होऊ शकतो, गाडीची नोंदणी बारा महिने रद्द होते आणि मुलाला पंचविशीपर्यंत परवाना मिळत नाही. अपघात न होता नुसता पकडला गेला तरी हीच तरतूद लागू होऊ शकते. हे मुलाला धमकी म्हणून सांगू नका, माहिती म्हणून सांगा.

क्रिकेट का सोडलं, हे विचारलंत का? या वयात खेळ सुटण्याची कारणं ठरलेली असतात: निवड होत नाही आणि रांगेत उभं राहून कंटाळा येतो, कोच सगळ्यांसमोर अपमान करतात, जुनं किट लहान होतं आणि नवीन मागायला संकोच वाटतो, सोबतचा मित्र सोडून जातो, किंवा घरूनच ‘आता नववी आहे’ सुरू होतं. प्रत्येकावर उपाय वेगळा. निवडीचा ताण असेल तर ज्यात स्वतःशीच स्पर्धा असते असं काही पाहा: पोहणं, धावणं, बुद्धिबळ, तबला. दिव्या देशमुख नागपूरचीच, त्यामुळे शहरात बुद्धिबळाची चर्चा आहे. पण मुलाला तिच्यासारखं होण्यासाठी घालू नका. बेताचं खेळणाऱ्यालाही वर्षभर सामावून घेणारी जागा शोधा.

तीन पर्याय त्याने निवडावेत आणि प्रत्येकाचं एक सत्र पाहावं. फी भरण्यापूर्वी तुम्हीही एक पूर्ण सत्र बसून पाहा. मूल किती वेळ हालचालीत असतं आणि किती वेळ रांगेत? कोच नावाने हाक मारतात का? पंधरा वर्षांच्या मुलांत वीस-बावीसची मुलं मिसळलेली आहेत का? कोच निघून गेल्यावर मुलं मैदानावर किती वेळ रेंगाळतात? हा शेवटचा मुद्दा पालक पाहत नाहीत. पाच ते सहा शिस्तीचा सराव आणि सहा ते आठ कट्टा असेल, तर आपण नवा चौक विकत घेतलेला असतो. कोणत्याही प्रशिक्षकाने मुलाला किंवा मुलीला बंद खोलीत एकट्याने शिकवणं, एकट्याला गाडीवर सोडणं मान्य करू नका. घरापासून सायकलने पंधरा मिनिटांच्या पलीकडची जागा सहसा टिकत नाही. आठवड्यातून दोन दिवस, तास-दीड तास, सुरुवातीला महिनाभराचीच फी. चार आठवडे झाल्याशिवाय सोडायचं नाही आणि नंतर सोडलं तर टोमणा मारायचा नाही, असा करार दोन्हीकडून.

खेळाबद्दल एक सावधगिरी. अमेरिकेतल्या आणि इतर काही देशांतल्या अभ्यासांत संघात खेळणारी मुलं सिगारेट आणि इतर नशा कमी करताना दिसतात, पण दारू मात्र थोडी जास्त. सामन्यानंतरची पार्टी हे त्याचं एक कारण असू शकतं. स्पर्धा जिंकली की कुठे जाणार, सोबत कोणते मोठे, परत कोण आणणार, हे तीन प्रश्न तेव्हाच विचारा.

आणि नवीन काही लावण्याआधी हिशेब करा. झोप ९ तास (या वयाला ८ ते १० लागतात), शाळा ६, शिकवणी २, जाणं-येणं दीड, जेवण-आंघोळ २, घरचा अभ्यास २. उरला दीड तास. त्यातच जागतिक आरोग्य संघटना सांगते ती रोजची सरासरी ६० मिनिटांची मध्यम ते दमवणारी हालचाल बसवायची. तुमच्या तक्त्यात खरा मोकळा वेळ रोज तासाहून कमी निघत असेल तर कराटे लावू नका; शिकवणीचा एखादा विषय कमी करा. पूर्ण भरलेलं वेळापत्रक सुरक्षित दिसतं, पण त्यातली मुलं झोपेतून वेळ चोरतात. झोप कमी झाली की चिडचिड, घाईचे निर्णय आणि उदासी वाढते. कंटाळा मात्र दुर्लक्ष करण्याजोगा नाही. ‘करायला काहीच नाही’ असं सतत म्हणणाऱ्या मुलांत व्यसनाकडे ओढा जास्त दिसतो, आणि त्यावर वेळ भरणं हा उपाय नसून स्वतः काहीतरी ठरवून पार पाडता येणं हा आहे. सामन्याचं बुकिंग, पैसे गोळा करणं, सायकलचं पंक्चर काढणं ही कामं त्याच्यावर सोडा.

मुलगा कुठे असतो हे कळण्याचा मार्ग पाळत ठेवणं नाही. स्टाटिन आणि कर यांनी २००० मध्येच दाखवलं की पालकांना मुलांबद्दल जे माहीत असतं ते बहुतांश मुलांनी आपणहून सांगितल्यामुळे; प्रश्न विचारून किंवा बंधनं घालून मिळालेली माहिती त्या मानाने थोडी. तेव्हा त्याने काही सांगितलं की पहिल्या दहा मिनिटांत शिक्षा आणि सल्ला दोन्ही नको. ‘मग काय झालं?’, ‘तुला काय वाटलं तेव्हा?’ एवढंच. समोरासमोर बसवून विचारण्यापेक्षा गाडीवरून जाताना, भाजी निवडताना मुलं जास्त बोलतात. मित्राने खर्रा खाल्ला असं तो सांगतो तेव्हा तो तुमची प्रतिक्रिया तपासत असतो. ‘त्याच्याशी बोलू नकोस’ म्हणालात की पुढची गोष्ट येणार नाही.

मुलीचा फोन काढून घेऊ नका. तेरा वर्षांच्या मुलीला बाहेर थांबायला चौक नाही, मैदानावर बहुधा मुलांचा ताबा, आणि अंधार पडायच्या आत घरी यायचं. तिच्या मैत्रिणी फोनमध्येच भेटतात. फोन गेला तर मैत्रिणीही जातात. तिच्या बाबतीत पाहायचं ते हे की फोन कशाची जागा खातो आहे: झोपेची, हालचालीची की प्रत्यक्ष भेटीची? झोपेसाठी एक नियम, घरातल्या सगळ्यांना सारखा: दहानंतर सगळे फोन बैठकीत चार्जिंगला, उठवायला साधं गजराचं घड्याळ. वडिलांचा फोन उशाशी राहिला तर हा नियम आठवडाही टिकत नाही. हालचालीसाठी मैत्रिणीची जोडी लागते. एकटी पाठवलेली मुलगी लवकर सोडते, दोघी एकत्र गेल्या तर टिकतात. ठरवताना स्वच्छतागृह, कपडे बदलायची जागा आणि परतीची सोय आधी पाहा, कारण मुली अनेकदा याच कारणांनी सोडतात आणि कारण सांगत नाहीत. फोनवर कुणी अनोळखी मोठं माणूस गोष्टी गुप्त ठेवायला सांगत असेल किंवा फोटो मागत असेल, तर तिला रागवायचं नाही, काही पुसायचं नाही, स्क्रीनशॉट ठेवायचे आणि १०९८ या बालमदत क्रमांकावर फोन करायचा. ‘आई ओरडेल’ या भीतीवरच तो माणूस अवलंबून असतो.

उन्हाळ्याच्या सुट्टीसाठी तक्ता वेगळा करा. मे महिन्यात पारा ४५ च्या आसपास जातो, दुपारी अकरा ते पाच मैदान शक्य नाही, शाळा जूनअखेरीला उघडते. म्हणजे रिकाम्या घरातले सहा तास, दीड-दोन महिने. सरावाची वेळ पहाटे साडेपाच ते साडेसात ठेवा. त्यामुळे रात्रीचं जागरण आपोआप आवरतं. दुपारसाठी आजी, मावशी किंवा शेजारचं एक घर आलटूनपालटून उघडं ठेवता येतं का ते चार घरांनी मिळून एप्रिलमध्येच ठरवा. मे उजाडल्यावर ठरत नाही.

सहा आठवड्यांनी तोच तक्ता पुन्हा भरा आणि अधोरेखित तुकडे कमी झाले का ते पाहा. काळजी करावी ती एका खुणेवरून नव्हे. दोन-तीन आठवडे टिकलेले बदल एकत्र आले की: जुने मित्र अचानक सुटणं, पैसे नाहीसे होणं, फोनवरून वारंवार छोट्या रकमा जाणं (पैशांच्या ऑनलाइन खेळांवर २०२५ च्या कायद्याने बंदी आली, तरी असे व्यवहार तपासावेत), गुण एकदम घसरणं, आवडीचं सगळं नकोसं होणं. अशा वेळी सरकारी रुग्णालयांतलं किशोरांसाठीचं मैत्री क्लिनिक मोफत असतं, मेडिकलमध्ये मानसोपचार विभाग आहे, टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतसेवेचा १४४१६ क्रमांक चोवीस तास चालतो, आणि तंबाखू-खर्रा सोडण्यासाठी १८००-११-२३५६ वर समुपदेशक बोलतात. ‘जगण्यात अर्थ नाही’ असं काही मुलगा किंवा मुलगी बोलली, लिहिली, तर आठवडा थांबू नका. त्याच दिवशी दाखवा, आणि तोवर त्यांना घरात एकटं ठेवू नका.